श्रीखंडाच्या डब्यात लिथॉप्स: बी पेरून 'जिवंत दगड' घरात कसे वाढवायचे

आधीच सांगते, ही झाडं मेली तर बहुतेक वेळा दोनच कारणांनी मरतात. एकतर सुरुवातीच्या दिवसांत आपण त्यांना वाळवंटातलं झाड म्हणून कोरडं ठेवतो, किंवा पुढे ती जगली की लाडाने पाणी पाजत राहतो. खरा प्रकार अगदी उलटा आहे. पहिला महिना-दीड महिना सतत ओल, आणि मग हळूहळू उपाशी राहायची सवय. हा बदल कधी आणि कसा करायचा एवढं जमलं की लिथॉप्स काही अवघड नाही. माझ्या पहिल्या दोन पेरण्या पूर्ण गेल्या, तिसरीतली रोपं आता चार वर्षांची आहेत, त्यामुळे चुका सगळ्या स्वतः करून झाल्यात.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. लिथॉप्स म्हणजे दोन जाडजूड पानं एकमेकांना चिकटलेली, मधे एक चीर, आणि रंग-नक्षी हुबेहूब आजूबाजूच्या खड्यांसारखी. मूळ घर नामिबिया, दक्षिण आफ्रिका आणि थोडंसं बोत्सवाना. १८११ साली बर्चेल नावाचा इंग्रज निसर्ग अभ्यासक प्रिस्का गावाजवळ एक वेगळाच दिसणारा खडा उचलायला गेला आणि तो खडा झाड निघाला, तिथून यांची नोंद सुरू झाली. लिथॉप्स हे नाव मात्र १९२२ मधलं, ग्रीक भाषेत त्याचा अर्थ दगडासारखा दिसणारा. तिकडे झाड बरंचसं जमिनीत रुतलेलं असतं, फक्त डोकं वर, आणि डोक्यावर जे अर्धपारदर्शक डाग दिसतात त्या खिडक्या असतात, त्यातून ऊन आत पोचतं आणि जमिनीखालचा हिरवा भाग अन्न बनवतो. हे लक्षात ठेवा, पुढे उजेडाच्या वेळी कामाला येईल.

बी कुठलं घ्यायचं

पहिली फसवणूक इथेच होते. निळे, जांभळे, इंद्रधनुषी लिथॉप्स असे फोटो टाकून ऑनलाइन बी विकतात, ते सगळे फोटो रंगवलेले. निळा लिथॉप्स जगात नाही. मी एका विक्रेत्याकडून असंच एक पाकीट घेतलं होतं, महिन्याभराने त्यातून जे उगवलं ते बघून सासूबाई म्हणाल्या, "अगं ही तर घोळ आहे, मुगाची डाळ घालून भाजी करू का?" बरं भाजीपुरतीही नव्हती.

खरं बी तपकिरी आणि अगदी बारीक असतं, खसखशीपेक्षाही बारीक. पाकिटात मोहरीएवढे किंवा तुळशीच्या बीएवढे दाणे दिसले तर ते लिथॉप्स नाही, विषय संपला. भारतात सक्युलंट (पानांत-खोडात पाणी साठवणारी झाडं) वाढवणारे बरेच लोक स्वतःच्या झाडांचं बी विकतात, त्यांच्याकडून घ्या. परदेशातून मागवायचं तर इम्पोर्ट परमिट आणि फायटोसॅनिटरी सर्टिफिकेट (बियांना रोग-कीड नसल्याचा दाखला) लागतं, पहिल्या पन्नास बियांसाठी एवढा उपद्व्याप कोण करणार.

जात निवडताना दिसण्यावर जाऊ नका. लेस्लिआय, ऑकॅम्पिए, सॅलिकोला या तीनपैकी काहीही चालेल. लेस्लिआय तर जोहान्सबर्ग-प्रिटोरियाच्या पट्ट्यातही सापडतो, तिथे उन्हाळ्यात बऱ्यापैकी पाऊस पडतो, त्यामुळे आपल्याकडून पाणी थोडं जास्त झालं तरी तो लगेच जीव सोडत नाही. ऑप्टिका रुब्रा, तो लालचुटुक माणकासारखा, तो नामिबियाच्या समुद्रकाठच्या धुक्यातला, आणि लुभावणारा असला तरी पहिल्या वर्षी त्याच्या वाटेला जाऊ नका. मिक्स बी मिळालं तरी मजा येते, प्रत्येक रोप वेगळं निघतं.

आणखी एक, अगदी ताज्या बीपेक्षा काही महिने जुनं बी जास्त चांगलं उगवतं. नीट ठेवलं तर कित्येक वर्षं टिकतं, त्यामुळे बी आलं म्हणून घाईने भर मे महिन्यात पेरू नका.

महिना चुकला की सगळं चुकलं

उगवायला दिवसा २५ ते २८ आणि रात्री १५ ते १८ अंश असं हवामान सगळ्यात उत्तम, दिवस-रात्रीत फरक पडला की बी जागं होतं. पुण्या-नाशकात हे दिवाळीच्या आसपास आपोआप मिळतं. ऑक्टोबर हीट सरली, पहाटे पंखा बंद करावासा वाटायला लागला की पेरा. मुंबई, कोकण, गोवा इथे डिसेंबर-जानेवारी. विदर्भात नोव्हेंबर छान, कारण पुढे मे महिन्यात ४४-४५ अंश झेलायच्या आधी रोपांना जितके महिने मिळतील तितके हवेत. पावसाळ्यात अजिबात नाही. माझी पहिली पेरणी जुलैमधली होती, बी उगवलं सगळं आणि आठ दिवसांत सगळ्यावर बुरशीची पांढरी जाळी. फेब्रुवारीत पेरणारेही आहेत, पण मग रोपं तीन महिन्यांची असतानाच उन्हाळा गाठतो, मला ते पटत नाही.

डबा आणि माती

अर्धा किलोचा श्रीखंडाचा डबा एकदम बेस्ट. खोल आहे, घरात असतोच. लिथॉप्सचं सोटमूळ खाली जातं, त्यामुळे पसरट झाकणात पेरून चालत नाही, किमान ७-८ सेंटिमीटर खोली हवी. तापवलेल्या खिळ्याने बुडाला आठ-दहा भोकं पाडा (खिडकी उघडी ठेवून, प्लास्टिकचा धूर होतो).

मातीत माती नसतेच. माझं प्रमाण असं, दोन वाट्या विटेचा चुरा, एक वाटी जाड वाळू, एक वाटी परलाइट (नर्सरीत मिळणारे हलके पांढरे दाणे), आणि एक वाटी चाळलेलं कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) किंवा जुनं पालापाचोळ्याचं खत. प्युमिस म्हणून ज्वालामुखीचा सच्छिद्र दगड परदेशी लोक जो वापरतात ते आपल्याकडे महाग पडतं, पण लाल भाजलेली वीट तेच काम करते, पाणी पिऊन धरून ठेवते आणि हवाही खेळती राहते. विटेचे तुकडे गोणपाटात घालून हातोडीने फोडा आणि दोनदा चाळा. आधी पिठाच्या चाळणीने धूळ काढून टाका, मग जाड चाळणीने मोठे खडे बाजूला. १ ते ३ मिलिमीटरचे दाणे हवेत. धूळ काढायचा कंटाळा करू नका, ती राहिली तर पाणी दिल्यावर खाली बसून सिमेंटसारखी होते आणि निचरा बंद. वाळू नदीची, धुतलेली, समुद्राची नाही. कोकोपीटही दोन-तीन पाण्यांतून काढा, त्यात क्षार असतात.

मग हे मिश्रण ओलं करून जुन्या कुकरमध्ये शिट्टी न लावता अर्धा तास वाफवायचं. हे का, तर डबा पुढचे दोन आठवडे झाकून ओला राहणार आहे आणि बुरशीला याहून चांगलं घर मिळणार नाही, त्यामुळे आधीच साफसफाई. कुकर मात्र वेगळा ठेवा, मी एकदा रोजचा वापरला होता आणि त्यावरून घरात जे झालं ते इथे लिहीत नाही. वाफवलेलं मिश्रण रात्रभर गार होऊ दे, डब्यात भरा, वरून एक बोट जागा सोडा, आणि सगळ्यात वर बारीक खडीचा अगदी पातळ थर द्या. या खड्यांच्या फटीत बी जाऊन बसतं आणि मूळ धरायला त्याला आधार मिळतो.

पेरणी

डबा एका ताटलीत उकळून गार केलेल्या पाण्यात ठेवा, अर्ध्या तासात खालून पाणी चढत वरचा थर चमकायला लागतो. बाहेर काढून निथळू द्या. बोअरचं किंवा टँकरचं पाणी असेल तर आरओचं वापरा, नाहीतर महिन्याभरात खड्यांवर पांढरी पुटं चढतात.

आता पंखा बंद करा. हे गंमत म्हणून सांगत नाहीये, पन्नास बिया एका झुळकेत उडून जातात आणि सोफ्याखाली लिथॉप्स उगवत नाही. बी एक चमचा कोरड्या बारीक वाळूत मिसळा, कागदाची घडी घालून त्या घडीतून बोटाने टिचक्या मारत भुरभुरवा. रव्यात मिसळू नका, कुणीतरी तसा सल्ला देतंच, रवा म्हणजे बुरशीला मेजवानी. वरून माती लोटायची नाही, याला उजेड हवा असतो आणि बी इतकं बारीक आहे की अर्धा सेंटिमीटर खाली गेलं तरी वर यायची ताकद नसते. फवाऱ्याने दोनदा हलकं शिंपडलं की झालं.

डबा पारदर्शक पिशवीत घालून तोंड बांधा, टूथपिकने दोन-तीन भोकं पाडा. आईस्क्रीमच्या काडीवर जात आणि तारीख शिसपेन्सिलने लिहून खोचा, मार्कर उन्हाने पुसट होतो, पेन्सिल राहते.

जागा पूर्वेच्या खिडकीजवळ, पण थेट ऊन नको, पिशवीतल्या डब्यावर ऊन पडलं तर आत भाजी शिजते. खिडकी नसेल तर साधी २० वॅटची पांढरी एलईडी ट्यूब डब्याच्या वर वीतभर अंतरावर लावा, १२ ते १४ तास, टायमरचा सॉकेट मिळतो तो घ्या म्हणजे लक्षात ठेवायला नको. महागड्या जांभळ्या ग्रो लाइटची गरज मला तरी कधी वाटली नाही.

उगवल्यावर: खरी परीक्षा

चौथ्या-पाचव्या दिवसापासून भिंग घेऊन बघा. टाचणीच्या डोक्याएवढे हिरवे मणी दिसायला लागतात, वर बारीकशी रेघ. दोन आठवड्यांत बहुतेक येतात, काही आळशी महिन्यानेही येतात. काही मणी आडवे पडलेले आणि पांढरं मूळ उघडं दिसेल, तिथे टूथपिकने शेजारचे दोन खडे मुळावर सरकवा, मणी हाताने उचलू नका.

आणि आता पिशवी. बहुतेक बी उगवलं, साधारण दहा ते चौदा दिवस झाले, की पिशवी काढायला सुरुवात करायची. माझी दुसरी पेरणी इथे गेली, मला वाटलं एवढी नाजूक रोपं, अजून महिनाभर झाकून ठेवू, बिचारी. झाकलेल्या दमट हवेत मर (कोवळी रोपं कुजवणारा बुरशीचा रोग) लागली, एका कोपऱ्यातले मणी पाणचट झाले, दुसऱ्या दिवशी तो कोपरा सपाट, आठवड्यात डबा रिकामा. पहिल्या दिवशी तासभर उघडा, दुसऱ्या दिवशी दोन-तीन तास, असं करत आठवड्यात पूर्ण उघडं. थंडीत पुण्याची हवा कोरडी असते म्हणून सकाळी एक हलका फवारा मारा, पण संध्याकाळी नाही, रात्रभर अंगावर पाणी राहायला नको.

एखादं रोप पाणचट दिसलं तर ते चमच्याने आजूबाजूच्या खड्यांसकट काढून फेका, पिशवी असेल तर लगेच काढा, आणि बुरशीनाशक पाकिटावरच्या निम्म्या मात्रेत फवारा. खड्यांवर हिरवं शेवाळ धरलं तर ओल जास्त आणि हवा कमी असा अर्थ, काडीने खरवडा आणि पाण्यातलं अंतर वाढवा. बारीक काळी चिलटं उडताना दिसली तर दुर्लक्ष करू नका, त्यांच्या अळ्या ओल्या कोकोपीटमध्ये राहून कोवळी मुळं खातात, पिवळा चिकट कार्ड लावा आणि वरचा थर सुकू द्या.

मणी गोल आणि बुटके असतील तर उजेड बरोबर. उंच, लांबट, मान काढल्यासारखे झाले तर उजेड कमी पडतोय, डबा ट्यूबच्या जवळ न्या. ताणलेलं रोप परत आखूड होत नाही, पण पुढचं पान नीट येतं, त्यामुळे लगेच फेकूनही देऊ नका.

पाणी कमी कसं करत जायचं

पहिला महिना-दीड महिना खडे कधीच पूर्ण कोरडे होऊ द्यायचे नाहीत. त्यानंतर शेतकऱ्याचा शब्द लक्षात ठेवायचा, वाफसा. म्हणजे चिखलही नाही आणि धूळही नाही अशी अवस्था. पाणी नेहमी ताटलीतून खालूनच. भरलेला डबा हातात घेऊन वजन ओळखायला शिका, तो हलका लागला की पाणी द्या. दुसऱ्या महिन्यात वरचा थर एक दिवस सुका राहू द्या, तिसऱ्या-चौथ्यात तीन-चार दिवस, सहाव्यापर्यंत आठवडाभर. मणी अंगावर बारीक सुरकुत्या पडून मऊ वाटले तर तहान लागलीय, पाणी दिलं की एका दिवसात टरारून वर येतात. सुरकुत्या दिसायच्या आधीच पाणी दिलंत तर ते आपलं मन भरायला दिलंय, झाडाला नको होतं.

दोन-तीन महिन्यांनी मधल्या रेघेतून पहिली खरी पानांची जोडी डोकावते आणि जुना मणी सुकून पापुद्रा होतो. घाबरून जाऊ नका, रोप मेलेलं नाही, कात टाकतंय. मोठी झाडं या काळात पूर्ण कोरडी ठेवतात तसं बाळरोपांना करायचं नाही, त्यांच्या पोटात तेवढा साठाच नसतो. थोडं थोडं पाणी चालू ठेवा.

उन्हाची सवयही अशीच. तीन महिन्यांनंतर सकाळचं कोवळं ऊन १०-१५ मिनिटं, दर आठवड्याला थोडं वाढवत. अंग लालसर झालं तर थांबा. पांढरा चट्टा पडला तर ते भाजणं, पुढच्या पानांची जोडी येईपर्यंत तो तसाच राहणार.

पहिला उन्हाळा आणि पहिला पावसाळा

एप्रिल-मे मध्ये ही झाडं जवळपास झोपतात. घरातल्या गार, उजेडाच्या जागी ठेवा, गॅलरीच्या पत्र्याखाली नाही. आठ-दहा दिवसांतून एकदा संध्याकाळी थोडं पाणी. दुपारी पाणी देऊ नका, तापलेल्या खड्यांत ते मुळांना उकडतं.

पावसाळ्यात मात्र सगळ्यात जास्त रोपं जातात, कारण हवेतच इतकी ओल असते की डबा सुकतच नाही. जून ते सप्टेंबर डबा पंख्याच्या वाऱ्यात ठेवा, थेट झोत नको पण हवा हलती पाहिजे, ट्यूब चालू, आणि पाणी पंधरा दिवसांतून एकदा, तेही दोन-तीन दिवस उघडीप असेल तेव्हाच. कोकणात-गोव्यात महिन्यातून एकदाही पुरेल. याच काळात पिठ्या ढेकूण बघायला विसरू नका, कापसासारखे पांढरे ठिपके चिरेत लपून बसतात, स्पिरिटमध्ये बुडवलेल्या इअरबडने एकेक टिपा. मुंग्या डब्यावर फिरताना दिसल्या तर समजायचं की ढेकूण कुठेतरी आहेतच, मुंग्या त्यांना सांभाळतात.

पन्नासपैकी वीस-पंचवीस रोपं वर्षभर टिकली तर स्वतःची पाठ थोपटून घ्या.

वर्षानंतर

ऑक्टोबरमध्ये वर्षाची रोपं जेमतेम मुगाच्या दाण्याएवढी असतात. दाटी झाली असेल तर आता हलवा. दोन दिवस आधी पाणी बंद, मग चमच्याने मुळासकट उचलून नवीन कुंडीत, किमान १० सेंटिमीटर खोल, मिश्रणात कोकोपीट निम्म्याने कमी. एका कुंडीत सात-आठ मिळून लावा, मला वाटतं गर्दीत ती जास्त खूश असतात, आणि दिसतातही जास्त खऱ्या दगडांसारखी. लावल्यावर चार-पाच दिवस पाणी नाही, तुटलेली मुळं सुकू द्यायची.

दुसऱ्या-तिसऱ्या वर्षापासून नियम बदलतो. साधारण डिसेंबर ते मार्च जुन्या जोडीच्या पोटात नवीन जोडी तयार होते आणि ती जुन्या पानांतलं पाणी पिऊन मोठी होते. या काळात पाणी पूर्ण बंद, जुनी पानं कांद्याच्या सालीसारखी कोरडी होईपर्यंत. मधेच पाणी दिलं तर जुनी जोडी मरायला तयार होत नाही आणि मजल्यावर मजला चढतो, किंवा अंग फाटतं. हे चार महिने झारी लपवून ठेवा. आमच्याकडे पाहुणे येऊन "अगं सुकलंय हे" म्हणत ग्लासातलं उरलेलं पाणी ओततात, म्हणून मी कुंडीवर 'पाणी घालू नये' अशी पाटीच लावलीय, अगदी पुणेरी.

तिसऱ्या किंवा चौथ्या वर्षी, दिवाळीच्या आसपास, चिरेतून कळी येते. फूल पिवळं किंवा पांढरं, शेवंतीसारखं दिसणारं, आणि झाडापेक्षा मोठं. दुपारी उमलतं, संध्याकाळी मिटतं, असं काही दिवस. स्वतःच्या परागाने बी धरत नाही, म्हणून एकाच वेळी फुललेली दोन वेगळी रोपं लागतात, तीही शक्यतो एकाच जातीची. दुपारी मऊ ब्रशने याचे पराग त्याला, त्याचे याला.

बोंड पिकायला आठ-नऊ महिने लागतात. सुकलेलं बोंड ताटलीत ठेवून त्यावर पाण्याचा एक थेंब सोडा, थोड्याच वेळात ते फुलासारखं उघडतं आणि सुकलं की परत मिटतं. तिकडे पावसाच्या थेंबांनी आतलं बी आजूबाजूला उडवायची ही त्याची युक्ती. बी काढायचं असेल तर मात्र कोरडंच बोंड कागदावर चुरडा, चहाच्या गाळणीतून बी खाली पाडा आणि कागदी पुडीत तारीख घालून ठेवा. मुंबईसारख्या दमट गावात पुडी घट्ट झाकणाच्या डबीत, सोबत बुटांच्या खोक्यात येते ती सिलिका जेलची पिशवी. काही महिने तसंच राहू दे, पुढच्या दिवाळीला पेरायचं.